कार्डावर मोठ्या काकांचं नाव, जागा आजोबांची : वारसांनी मालकी सिद्ध कशी करायची?

दहिसरकर

नमस्कार मंडळी. गेल्या आठवड्यात पेपरात एक जाहीर नोटीस आली. आमच्या दहिसरच्या घरवाडीचा नगर भूमापन क्रमांक, क्षेत्र, चतुःसीमा, सगळं तिच्यात आहे. एका बिल्डरच्या वकिलांनी दिलेली नोटीस आहे : मिळकत विकसनासाठी घेत आहोत, कोणाचा हक्क किंवा हितसंबंध असेल तर चौदा दिवसांत पुराव्यासह कळवा, नाहीतर तो सोडून दिला असं समजू. मालक म्हणून नाव एकट्या माझ्या चुलतभावाचं.

जागा आजोबांनी १९५१ मध्ये विकत घेतली. १९६८ मध्ये ते गेले, मृत्युपत्र नाही. मागे आजी, मोठे काका, माझे वडील आणि दोन आत्या. आजी १९७९ मध्ये गेली. धाकटी आत्या १९९९ मध्ये गेली, तिची दोन मुलं डोंबिवलीला असतात. मोठी आत्या ८४ वर्षांची आहे. काका आणि वडील दोघेही आता नाहीत.

नगर भूमापनाची चौकशी झाली तेव्हा प्रॉपर्टी कार्डावर (शहरातल्या जागेचा सातबाराच म्हणा) तिथे राहणारे म्हणून काकांचं नाव लागलं, पुढे वारसाने चुलतभावाचं. तो म्हणतो, "कार्ड माझ्या नावावर, पालिकेचं बिल माझ्या नावावर, आत्यांनी तेव्हाच चौकशी अधिकाऱ्यापुढे हक्क सोडल्याचा जबाब दिलाय." आम्ही आजही गणपतीला सगळे तिथेच जमतो, म्हणून कधी कोणाला कागद बघावासा वाटला नाही.

मूळ खरेदीखत चुलतभावाच्या कपाटात आहे. आमच्याकडे फक्त आजोबांच्या वहीतली नोंद आणि जुन्या पावत्या. आम्ही नेमकं काय सिद्ध करायचं, आणि कशाने?

सायनसर्कल

सगळ्यात आधी त्या नोटिशीला लेखी उत्तर. बाकी सगळं नंतर. चौदा दिवस गेले म्हणून हक्क बुडत नाही, तो वकिलांच्या नोटिशीतला ठरलेला मजकूर असतो. पण उत्तर गेलं नाही तर उद्या बिल्डर कोर्टात म्हणेल, आम्ही जाहीर विचारणा केली होती, कोणी पुढे आलं नाही. स्पीड पोस्टाने पाठवा, ईमेलही करा, पोच जपून ठेवा.

गिरगावची लेक

वाचतेय. आमचंही असंच आहे, फक्त जागा पालघरला.

काळाकोट

दिवाणी दाव्यांत बरीच वर्षं काढली आहेत, म्हणून जरा सविस्तर लिहितो. तुमचे कागद पाहिलेले नाहीत, तेव्हा वकील तुम्हाला नेमावाच लागेल.

पहिली गोष्ट. प्रॉपर्टी कार्ड काय, सातबारा काय, ही महसुलाची दप्तरं. सारा कोणाकडून घ्यायचा हे सरकारला कळावं म्हणून ती लिहिली गेली. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चं कलम १५७ सांगतं की नोंद खरी मानायची, पण उलट सिद्ध होईपर्यंतच. फेरफाराने, म्हणजे दप्तरातलं नाव बदलल्याच्या नोंदीने, मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने पुन्हापुन्हा सांगितलं आहे. बळवंत सिंग विरुद्ध दौलत सिंग (१९९७) त्यातला नेहमी दाखवला जाणारा निकाल. पालिकेच्या बिलावर तर 'कर भरण्यास प्रथमतः जबाबदार' एवढंच नाव असतं. त्याला मालकीचा पुरावा कोणी मानत नाही.

मालकी येते ती खरेदी, बक्षीस, मृत्युपत्र, वारसा, वाटणी, कोर्टाचा हुकूम अशा वाटेने. तेव्हा तुमची साखळी अशी : जागा आजोबांची कशी झाली (१९५१ चं खरेदीखत), आजोबा कधी वारले (मृत्यूचा दाखला), त्या दिवशी वारस कोण होते (वंशावळ), आणि त्यानंतर कोणी आपला हिस्सा कायदेशीरपणे सोडला का. या चार कड्या जुळल्या की कार्डावरचं नाव आपोआप दुय्यम ठरतं.

दुसरी गोष्ट, आत्यांचा जबाब. स्थावर मिळकतीतला हक्क सोडायचा तर नोंदणी केलेलं हक्कसोडपत्र लागतं, नोंदणी कायदा १९०८, कलम १७. तलाठ्यापुढे किंवा चौकशी अधिकाऱ्यापुढे 'माझी हरकत नाही' म्हटल्याने हिस्सा जात नाही. त्या जबाबाची प्रत मात्र काढाच. त्यात 'वडिलांची मिळकत' असं लिहिलेलं निघालं तर तो कागद उलट तुमच्याच कामाचा आहे.

चाकरमानी

कोकणातला अनुभव सांगतो, कारण मुंबईत राहणाऱ्या निम्म्या मराठी माणसांचा वाद गावच्याच जमिनीचा असतो. आमच्या जुन्या सातबाऱ्यावर थोरल्या आजोबांच्या नावापुढे 'ए.कु.मॅ.' लिहिलेलं होतं, म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. ते वारले तेव्हा त्यांच्या मुलांची नावं लागली आणि नव्या उताऱ्यातून ती तीन अक्षरं गायब झाली. नुसता आजचा उतारा बघितला तर जमीन त्यांचीच वाटते. आम्ही फेरफारांची साखळी मागे मागे नेली, तो जुना फेरफार हाती लागला, आणि पहिल्याच तारखेला समोरच्या वकिलांचा सूर बदलला.

उताऱ्यावर फेरफार क्रमांक गोल करून दिलेले असतात. प्रत्येक क्रमांकाची नक्कल काढायची आणि जिथे पहिल्यांदा घराण्याचं नाव आलं तिथपर्यंत जायचं. कंटाळवाणं काम आहे, पण खरी मालकी तिथेच सापडते.

आता आमच्या सातबाऱ्यावर इतकी नावं आहेत की सगळे खातेदार एकदम आले तर त्या जमिनीवर उभं राहायला जागा पुरणार नाही. :)

गिरगावची लेक

@चाकरमानी, आमच्याकडे आई आणि मावशांची नावं 'इतर हक्क' या रकान्यात टाकली आहेत आणि मामांची कब्जेदार सदरी, म्हणजे मालकांच्या रकान्यात. तलाठी म्हणाला, बहिणींची नावं तिथेच घालायची पद्धत आहे. हे बरोबर आहे का?

नमुना सहा

महसूल खात्यात नोकरी करून निवृत्त झालो, म्हणून उत्तर देतो. ताई, पद्धत होती हे खरं, पण तिला कायद्याचा आधार नाही. मुलगी वारस आहे तर ती कब्जेदार सदरीच यायला हवी. इतर हक्कात कुळ, बँकेचा बोजा, विहिरीचं पाणी असले हक्क लिहितात. नाव इतर हक्कात आहे म्हणून हिस्सा कमी होत नाही, पण पुढे विक्रीच्या वेळी 'यांची सही लागत नाही' असं सांगून मोकळे होतात. दुरुस्तीचा अर्ज तहसीलदारांकडे करा, मूळ वारस फेरफाराची नक्कल जोडून.

दहिसरकर, तुमच्यासाठी एक कागद सुचवतो, तो फारसा कोणी मागत नाही. नगर भूमापन झालं तेव्हा प्रत्येक मिळकतीची चौकशी होऊन 'चौकशी नोंदवही' लिहिली गेली. कोण हजर होतं, कोणता कागद दाखवला, कोणत्या आधारावर धारक ठरवला, हे तिच्यात असतं. तुमच्या काकांचं नाव लावताना आधार म्हणून बहुधा आजोबांचं खरेदीखत किंवा वारसाच लिहिला असेल. नगर भूमापन अधिकाऱ्यांकडे तिच्या उताऱ्यासाठी अर्ज करा. प्रॉपर्टी कार्डाच्याही जुन्या, हाताने लिहिलेल्या प्रती मागा. संगणकावरच्या प्रतीत जुन्या नोंदी सगळ्या येतातच असं नाही.

वडाची साल

मी थोडं वेगळं बोलणार आहे, राग मानू नका. काकांनी आणि त्यांच्या मुलाने ती जागा पन्नास-साठ वर्षं सांभाळली. कर भरला, कुंपण घातलं, अतिक्रमण होऊ दिलं नाही, आजीचं म्हातारपण काढलं. मुंबईत मोकळी जागा राखणं किती कठीण आहे हे राखणाऱ्यालाच माहीत. आज बिल्डर आला म्हणून सगळ्यांना हिस्सा आठवला. आणि बारा वर्षांपेक्षा जास्त कब्जा असला तर मालकी होते ना?

दहिसरकर

@वडाची साल, काकांनी आणि चुलतभावाने जागा राखली हे मी कुठेही नाकारलेलं नाही, नाकारणारही नाही. आजीचं सगळं काकूने केलं. पण धाकट्या आत्याच्या मुलांना विचारायचंही नाही, आणि कागदावर ती जन्मालाच आली नाहीत असं लिहायचं, हे मला सहन होत नाही. बिल्डर यायच्या आधी हिस्सा मागितला नाही कारण तोवर जागा विकायचं कोणाच्या मनातच नव्हतं.

काळाकोट

बारा वर्षांचं हे गणित इतक्या घरांत चुकीचं बसलं आहे की त्यावर लिहायलाच हवं. परक्या माणसाचा विरोधी कब्जा वेगळा आणि सहहिस्सेदाराचा वेगळा. एका भावाचा कब्जा हा कायद्याच्या नजरेत सगळ्यांच्या वतीने असतो. त्याने इतरांचा हक्क उघडपणे नाकारला, त्यांना बाहेर काढलं, आणि हे त्यांना कळलं, असं दाखवावं लागतं. एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतून वगळलं गेलं तर मुदत कायदा १९६३ च्या अनुच्छेद ११० प्रमाणे ते कळल्यापासून बारा वर्षं मोजतात.

तुम्ही दरवर्षी गणपतीला त्या घरात जमता. याचे फोटो, त्या पत्त्यावर छापलेल्या लग्नपत्रिका, वडिलांचं तिथलं जुनं रेशनकार्ड, शाळेच्या दाखल्यावरचा पत्ता, सगळं गोळा करा. तुम्हाला कधी बाहेर काढलंच नव्हतं, हे त्यातून दिसतं. पण आता नोटीस वाचली आहे, म्हणजे हक्क नाकारल्याचं तुम्हाला कळलं आहे. इथून पुढे झोपून चालणार नाही.

वडाची साल, तुमच्या मनातली गोष्ट कायद्यालाही मान्य आहे, फक्त वेगळ्या वाटेने. वाटणीच्या दाव्यात हिशोब होतो. एकाने सगळ्यांच्या वतीने भरलेला कर, केलेली आवश्यक दुरुस्ती, यांचा वाटा तो इतरांकडून मागू शकतो. राखणीचा मोबदला असा मिळेल. त्याबदल्यात बहिणींचा हिस्सा मिळणार नाही.

कुर्ला टर्मिनस

मुलींना हक्क २००५ च्या कायद्याने मिळाला ना? आजोबा तर १९६८ मध्ये गेले. मग आत्यांचा प्रश्न येतोच कुठे?

काळाकोट

दहिसरकरांचं सगळं प्रकरण याच प्रश्नावर फिरणार आहे.

जागा आजोबांनी स्वतःच्या कमाईतून घेतली असेल तर २००५ कडे बघायचीही गरज नाही. हिंदू उत्तराधिकार कायदा १९५६ चा आहे. विनामृत्युपत्र वारलेल्या पुरुषाची स्वतंत्र मिळकत कलम ८ प्रमाणे विधवा, मुलगे, मुली यांना सारखी जाते. १९६८ मध्ये आजी, दोन मुलगे, दोन मुली, प्रत्येकी १/५. आजी १९७९ मध्ये गेल्यावर तिचा १/५ चारही मुलांना सारखा. म्हणजे आज चार शाखा, प्रत्येकी १/४. धाकट्या आत्यांचा १/४ त्यांच्या मुलांकडे (त्यांचे यजमान मागे असतील तर त्यांच्याकडेही).

आता चुलतभावाचे वकील बहुधा म्हणतील, जागा एकत्र कुटुंबाच्या पैशातून घेतली होती, म्हणजे सहदायिकीची (जुन्या कायद्यात जिच्यात मुलग्यांना जन्मानेच हिस्सा असे, ती). तसं सिद्ध झालं तर जुन्या कायद्याने आकडे असे. १९६८ मध्ये कल्पित वाटणी (आजोबा वारण्याआधी क्षणभर वाटणी झाली असं धरून) : आजोबा, आजी, दोन मुलगे, प्रत्येकी १/४. बायकोला इथे हिस्सा धरायचा हे गुरुपाद मगदूम विरुद्ध हिराबाई या १९७८ च्या निकालात आहे. आजोबांचा १/४ पाच वारसांत, म्हणजे प्रत्येकी १/२०. आजी गेल्यावर तिच्याकडचे ६/२० चौघांत. शेवटी मुलाला ३/८ आणि मुलीला १/८.

यापुढे २००५ ची दुरुस्ती येते. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल, विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा, ११ ऑगस्ट २०२०. वडील आधी वारले असले तरी ९ सप्टेंबर २००५ ला हयात असलेली मुलगी जन्मापासून सहदायिक, आणि कल्पित वाटणी ही खरी वाटणी नव्हे. मोठ्या आत्यांना याचा फायदा मिळेल. धाकट्या आत्या १९९९ मध्ये गेल्या, त्यांच्या मुलांना तो मिळणार नाही.

तेव्हा जागा आजोबांनी स्वतःच्या पैशाने घेतली, हे दाखवण्यात सगळ्यात जास्त कोणाचं हित आहे? डोंबिवलीच्या त्या दोन मुलांचं. त्यांना आजच बरोबर घ्या.

दहिसरकर

काळाकोट, हे वाचून रात्री झोप लागली नाही, पण पहिल्यांदाच चित्र स्पष्ट दिसलं. आजोबा रेल्वेत होते, लोअर परळच्या वर्कशॉपमध्ये फिटर. वहीत त्यांच्या अक्षरात कोणत्या महिन्यात किती हप्ता दिला ते लिहिलंय. गावी जमीन होती, पण ती विकल्याचं कोणी सांगत नाही.

काळाकोट

मग गावच्या जमिनीचे १९५१ च्या आसपासचे फेरफार काढून ठेवा. ती विकलेली नाही हे दिसलं तर कुटुंबाच्या पैशाचा मुद्दा बराच लंगडा पडतो. आणि रेल्वेच्या नोकरीचा काही कागद, पेन्शन, भविष्यनिर्वाह निधी, जे मिळेल ते.

मनोरीकर

आम्ही ख्रिस्ती, ईस्ट इंडियन. आमच्यात हा वडिलोपार्जित की स्वकष्टार्जित हा प्रश्नच येत नाही. भारतीय उत्तराधिकार कायदा १९२५ : मृत्युपत्र नसेल तर विधवेला १/३, उरलेले २/३ मुलामुलींना सारखे. तरी भांडणं तीच, कारण गावठाणातली घरं पिढ्यानपिढ्या एकाच्या नावावर राहिली. आमच्या गावात लोकांनी चर्चच्या बाप्तिस्मा आणि दफनाच्या नोंदवह्यांतून वंशावळी उभ्या केल्या. पालिकेचा मृत्यू दाखला सापडत नाही तिथे ती वही मोठा आधार होते.

मोडीवेडा

१९५१ चं खरेदीखत बहुतेक बाळबोध मराठीत किंवा इंग्रजीत असेल. पण त्याच्या आधीचा, आजोबांनी ज्याच्याकडून घेतलं त्याचा कागद मोडीत असण्याची बरीच शक्यता. तोही काढा, विकणारा खरा मालक होता हे दाखवायला लागतो. राज्य पुराभिलेख संचालनालयाचं मुंबईतलं दप्तर काळाघोड्याला एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत आहे, मोडी वाचणाऱ्यांची चौकशी तिथे करता येते.

नुकताच एका सद्गृहस्थांचा जुना कागद वाचून दिला. चतुःसीमा अशी : पूर्वेस वहाळ, पश्चिमेस गाडीवाट, दक्षिणेस अमक्याचे शेत, उत्तरेस सामाईक विहीर व दोन चिंचा. आज तिथे वहाळाचं गटार झालंय, गाडीवाटेचा डांबरी रस्ता झालाय, पण विहीर आहे, वर लोखंडी जाळी टाकलेली. विहिरीवरून मोजणीवाल्यांनी जागा पक्की केली. म्हणून सांगतो, चतुःसीमा वाचताना घाई करू नका.

क्षेत्राचंही बघा. जुन्या कागदात चौरस वार किंवा गुंठे, कार्डावर चौरस मीटर. एक गुंठा म्हणजे १२१ चौरस वार, साधारण १०१.१७ चौरस मीटर. खतात ६०५ वार असतील तर कार्डावर ५०६ च्या आसपास यायला हवेत. तफावत मोठी असेल तर मधे काहीतरी घडलंय, रस्त्याला गेलं असेल किंवा पोटहिस्सा पडला असेल.

कुर्ला टर्मिनस

विषय निघालाच आहे तर विचारतो. आमची रायगडात भातशेती होती, कुळाकडे गेली म्हणतात. अजून सातबाऱ्यावर आमचं नाव दिसतं. काही आशा?

नमुना सहा

कुळकायदा १९४८ चा. १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन. त्या दिवशी जमीन कसणारं कुळ कायद्याने खरेदीदार मानलं गेलं. पुढे कलम ३२-ग खाली किंमत ठरवायची, भरली की ३२-म चं प्रमाणपत्र. तुमच्या प्रकरणात ३२-ग ची चौकशी झाली का, हे तहसील कार्यालयातल्या शेतजमीन न्यायाधिकरणाच्या फायलीत कळेल. नुसतं नाव राहिलंय म्हणून आशा धरू नका, आणि नुसतं 'कुळाकडे गेली' या बोलण्यावर सोडूनही देऊ नका. कूळ होतं की नव्हतं हा प्रश्न दिवाणी कोर्ट स्वतः ठरवत नाही, तो तहसीलदारांकडे जातो. यासाठी वेगळा धागा काढा, तिथे सविस्तर लिहितो.

शिवडीचा शेजारी

कोर्टाची पायरी चढण्याआधी एकदा सगळे एकत्र बसा, असं मला मनापासून वाटतं. आम्ही भावंडांनी कौटुंबिक समझोता केला, साध्या स्टॅम्पपेपरवर, दोन साक्षीदारांच्या सह्या. वीस वर्षं झाली, काही अडलं नाही.

काळाकोट

@शिवडीचा शेजारी, बसावं याच्याशी पूर्ण सहमत. पण अडलं नाही कारण तुमच्यापैकी कोणी अजून विकायला काढलेलं नाही. आधी ठरलेल्या वाटणीची आठवण म्हणून लिहिलेल्या टिपणाला नोंदणी लागत नाही. ज्या कागदानेच हक्क तयार होतो किंवा सुटतो त्याला लागते. साध्या स्टॅम्पवर 'आजपासून ही खोली याची' असं लिहिलं असेल तर तो कागद पुढे अडेल. भाऊ, तो कागद एकदा कोणाला तरी दाखवा. सगळे हयात आणि गोडीत आहेत तोवर नोंदणी करून घेणं सोपं आहे.

आणि दहिसरकर, वाटाघाटी चालू असताना समोरचा जागा लिहून देऊन मोकळा होऊ नये म्हणून एक सांगतो. दावा लावलात तर दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकांकडे नोंदवायला विसरू नका. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ ला आपल्या राज्यात दुरुस्ती आहे. इतर बहुतेक राज्यांत मिळकत घेणाऱ्याला निकाल बांधायला दावा चालू असणं पुरेसं असतं. इथे ही नोटीस नोंदवलेली नसेल तर दावा चालू असताना घेणारा त्या निकालातून सुटू शकतो. पक्षकार दावा लावून निर्धास्त बसतात आणि इथेच फसतात.

सायनसर्कल

ही कलम ५२ ची गोष्ट मला माहीत नव्हती. वाचनखूण साठवली.

गिरगावची लेक

मूळ खरेदीखत दुसऱ्याच्या कपाटात असेल तर काय, हे दहिसरकरांनी विचारलं होतं ते राहूनच गेलं.

नमुना सहा

बरं झालं आठवण केलीत. खरेदीखत नोंदवलेलं असेल तर त्याची प्रत निबंधकांच्या पुस्तकात उतरलेली असते. प्रमाणित नक्कल मिळते, आणि ती कोर्टात चालते. समोरच्याला मूळ हजर करायची नोटीस द्यायची, त्याने केलं नाही तर नक्कल पुढे करायची. दस्त क्रमांक माहीत नसेल तर निबंधकांकडची सूची शोधायची, खरेदीदाराच्या किंवा विकणाऱ्याच्या नावाने, त्या वर्षाची आणि आगेमागची. अलीकडचे दस्त नोंदणी विभागाच्या संकेतस्थळावर शोधता येतात, १९५१ चं हाताने शोधावं लागेल.

मुंबईकरांची इथे नेहमी चुकामूक होते. बृहन्मुंबईची हद्द १९५० मध्ये वाढली आणि मग १९५७ मध्ये दहिसर, मुलुंडपर्यंत आली. १९५१ मध्ये दहिसर ठाणे जिल्ह्याकडे होतं. म्हणून फक्त मुंबईत शोधून 'नोंद नाही' असं उत्तर घेऊन परत येऊ नका, ठाण्यालाही शोधा.

दहिसरकर

सगळ्यांचे मनापासून आभार. मधे काही आठवडे लिहिता आलं नाही, आता काय झालं ते सांगतो.

नोटिशीला मुदतीत उत्तर गेलं, मोठ्या आत्याच्या आणि डोंबिवलीच्या दोघांच्या सह्यांसह. बिल्डरच्या वकिलांचं पत्र आलं : वारसांचा प्रश्न सुटेपर्यंत आमचे अशील पुढे जाणार नाहीत.

सूचीतली नोंद ठाण्याला सापडली, नमुना सहांनी सांगितलं तशीच. १९५१, आजोबांचं पूर्ण नाव, 'धंदा नोकरी रेल्वे' असं खतातच लिहिलेलं आहे. आणि चौकशी नोंदवहीच्या उताऱ्यात काकांच्या नावापुढे 'वडिलांचे खरेदीखत दाखविले, मयत, वारस मुलगा' अशी ओळ निघाली. आत्यांचा जबाब म्हणून जो कागद सांगितला जात होता, त्यात फक्त थोरल्या आत्याची सही आहे. धाकटीची नाहीच.

हे सगळं घेऊन आम्ही तिघे चुलतभावाकडे गेलो. तो बराच वेळ नोंदवहीचा उतारा वाचत होता. मग म्हणाला, "मला बाबांनी सांगितलं तेच मी सांगत होतो." मला ते खरं वाटतं. त्याने भरलेल्या कराचा हिशोब आधी बाजूला काढू आणि उरलेल्याचे चार भाग, इथपर्यंत बोलणं आलंय. लेखी काही झालेलं नाही, म्हणून दाव्याचा मसुदाही वकिलांकडे तयार ठेवलाय.

एक प्रश्न उरला. मोठ्या आत्याला तिचा हिस्सा डोंबिवलीच्या भाच्यांना द्यायचा आहे. तिच्या मनाने घेतलंय, आणि तिची मुलंही हो म्हणतात. तिला जिना उतरता येत नाही. हक्कसोडपत्र करायचं तर तिला कार्यालयात न्यावंच लागेल का?

वडाची साल

दहिसरकर, तुमच्या भावाच्या हिशोबाचं आधी बघितलंत हे वाचून बरं वाटलं. माझा आक्षेप तेवढाच होता.

काळाकोट

न्यायची गरज नाही. नोंदणी कायद्याच्या कलम ३१ आणि ३८ खाली आजारी किंवा अशक्त व्यक्तीसाठी निबंधक घरी येतात. डॉक्टरांचं प्रमाणपत्र जोडून गृहभेटीचा अर्ज करा, जादा फी भरावी लागते. दोन ओळखदार घरी हजर ठेवा, आत्यांचं ओळखपत्र आणि अंगठ्याचे ठसे नीट उमटतात का ते आधी तपासा. या वयात ठसे उमटत नाहीत आणि सगळे खोळंबतात.

दोन गोष्टी मात्र आधी नक्की करा. हक्कसोडपत्र सहहिस्सेदाराच्या लाभात होतं. भाचे धाकट्या आत्यांचे वारस म्हणून सहहिस्सेदार आहेतच, पण दस्तात तसं स्पष्ट लिहा आणि त्यांच्या आईच्या मृत्यूचा दाखला सोबत लावा. मुद्रांक किती हे नात्यावर आणि मोबदल्यावर ठरतं, तेव्हा निबंधकांकडे मसुदा आधी दाखवून घ्या. आणि दस्त वाचून दाखवताना खोलीत भाचे नसू द्या. आत्या एकट्या असताना त्यांनी 'हो, मला हेच करायचंय' असं सांगितलेलं डॉक्टरांनी आणि साक्षीदारांनी ऐकलेलं असावं. उद्या कोणी दबाव टाकला म्हणालं तर तेच उपयोगी पडेल.

दहिसरकर

समजलं. तिच्या नेहमीच्या डॉक्टरांशी आजच बोलतो. चुलतभावाला साक्षीदार म्हणून सही करशील का असं विचारणार आहे.